नसीब कौरची अकरा पावलं

सिमेंट-खडी कालवणारा तो अजस्र ट्रक पाठीवरचं पिंप गरगर फिरवत मागे मागे येत होता, आणि त्याच्या बरोबर मागे, चाकांच्या वाटेत, नसीब कौर मांडी घालून बसली. चौऱ्याहत्तर वर्षांची बाई. म्हशी हाकायची काठी आडवी मांडीवर ठेवली, ओढणी डोक्यावर सारखी केली आणि अशी बसली की जणू गुरुद्वाऱ्यात पंगतीलाच बसतेय.

मुकादम नरेशने शिट्टी फुंकली. एकदा, दोनदा, मग नुसता फुंकतच राहिला. ट्रक तिच्यापासून चार हातांवर येऊन थांबला. ड्रायव्हर खिडकीतून कमरेपर्यंत बाहेर आला आणि ओरडला, "माताजी, मरायचंय का?"

"मला नाही रे. तूच मरशील," ती म्हणाली. "आणखी मागे आलास तर चाकांखाली विहीर आहे."

तिचं बोलणं सगळं पंजाबीत. मी ते माझ्या मराठीत लिहितोय, त्यामुळे त्यातली अर्धी धार गेली असं समजा.

ही गेल्या मार्चमधली गोष्ट, चंदीगडजवळच्या मुल्लानपूरच्या पलीकडच्या एका गावातली. अर्ध्या शेतांत गहू उभा आणि अर्ध्या शेतांत इमारतींचे सांगाडे, असं ते गाव. मी तिथे काय करत होतो म्हणाल, तर मी चहा पीत होतो. माझा मुलगा इथे चंदीगडात डॉक्टर. बायको गेल्यावर त्याने मला खटाव तालुक्यातून उचलून सेक्टर बावीसमध्ये आणून ठेवलं. नात ज्ञानदा इंजिनियर. खेड्यांत दवाखाने बांधणाऱ्या एका संस्थेत ती काम करते. घरी बसलो की मी शेजारच्या वॉचमनला दिवसभर गोष्टी सांगतो, अशी तक्रार आल्यापासून ती मला सकाळी गाडीत घालून साइटवर नेते. तिची ती पहिली स्वतंत्र साइट.

नसीब कौरचं घर साइटला लागून. पहिल्याच दिवशी मी तिच्या अंगणात जाऊन बसलो, आणि ती मला 'वीरजी' म्हणायला लागली. वीरजी म्हणजे भाऊ. लग्न जवळच्या खरड गावात झालेलं, नवरा तापाने दोन वर्षांत गेला, बाविसाव्या वर्षी ती माहेरी परत आली. बापाला दुसरं मूल नाही. गावातलं कुणी म्हणायच्या आत ती म्हणाली, मी म्हशी बघते. बघितल्या म्हणजे किती? सायकल शिकली, मागे दुधाचे दोन कॅन अडकवले आणि तीस वर्षं रोज पहाटे चंदीगडात दूध घातलं. आमच्या सेक्टर बावीसमधल्या घरांचे नंबर तिला माझ्यापेक्षा जास्त पाठ. कुठल्या गल्लीत कुत्रं अंगावर येतं, कुठल्या घरी पाणी मिसळलं म्हणून खोटी बोंब होते, सगळं. लेक माहेरची, म्हणून आख्खं गाव तिला भूआ म्हणतं. भूआ म्हणजे आत्या. पांढऱ्या दाढीचा सरपंचसुद्धा भूआच म्हणतो. पण गावाच्या कामात आत्याला कोण विचारतं? ती पडली बाहेर दिलेली लेक.

ज्ञानदाच्या संस्थेचा एक नियम मला फार आवडला होता. बांधायच्या आधी गावाला विचारायचं. जमिनीवर चुन्याच्या भुकटीने गावाचा नकाशा काढायचा, तोही गावकऱ्यांनी. पाणी कुठे साठतं, माती कुठे खचते, जुनं काय कुठे होतं, सगळं त्यांच्या हाताने. जानेवारीत तशी मीटिंग झाली. पंधरा-वीस पुरुष उकिडवे बसले, चुन्याने बोटं पांढरी झाली, मी पण बसलो. ज्ञानदाने विचारलं, "इस ज़मीन पे कोई कुआँ?"

"होती," सरपंच म्हणाला. "आमच्या जन्माच्या सुमाराला बुजवली. बायका ख्वाजाला दलिया ठेवतात ना, तिथे."

ख्वाजा पीर म्हणजे इकडे पाण्याचा देव. हिंदू, शीख, सगळ्यांचा. गव्हाचा गोड दलिया आणि एक दिवा विहिरीवर ठेवतात. विहीर गेली तरी त्या जागी बायका अजून ठेवतात; तिथे पाच-सात विटांची उतरंड आहे, काजळीने काळी झालेली.

नियमाप्रमाणे ज्ञानदाने ती जागा खणून घेतली. हातभर खोलीवर जुन्या विटा लागल्या, गोल रचलेल्या, आत घट्ट माती. ती माझ्याकडे वळली. "आजोबा, तुम्ही तर गाववाले. काय वाटते?"

मला कुणी विचारलं की माझं काय होतं तुम्हाला माहीत नाही. मी म्हणालो, "अगं, मी विहिरीकाठी वाढलोय. हे थारोळं. मोटेचं पाणी पडतं ते दगडी कुंड. थारोळं आलं म्हणजे विहिरीचं तोंड तिथेच, हाताच्या अंतरावर. बुजवलेली आहे, पक्की आहे. निश्चिंत राहा."

"पक्का?"

"पक्का."

मग तिने नकाशावर त्या विटांभोवती लाल वर्तुळ काढलं आणि दवाखाना त्यापासून दूर सरकवला. अवजड गाड्यांचा रस्ताही त्या वर्तुळाला वळसा घालून आखला. रस्त्याच्या दोन्ही कडांना झेंड्या लावल्या. त्याच झेंड्यांच्या रस्त्यावर आता नसीब कौर बसली होती.

ज्ञानदा धावत आली. हेल्मेट तिरपं झालेलं. "बीबीजी, काय झालं? उठा ना प्लीज. वेळ नाही आहे."

वेळ खरंच नव्हता. ते कालवण प्लांटमधून निघाल्यापासून दोन तासांत ओतावं लागतं, नाहीतर घट्ट व्हायला लागतं. गाडी रस्त्यात अडकल्याने एक तास आधीच गेलेला. पायाच्या खड्ड्यात सळ्यांची जाळी बांधून तयार, वर दहा माणसं फावडी घेऊन उभी, आणि पिंप फिरतंय, घर्र घर्र.

नरेश म्हणाला, "मॅडम, यांचं नेहमीचं आहे. मागच्या आठवड्यात याच रस्त्याने वाळूचे ट्रॅक्टर गेले. काही झालं?"

"ट्रॅक्टर गेले तेव्हा मी मोतीबिंदूच्या ऑपरेशनला शहरात होते," नसीब कौर म्हणाली. "काल डोळ्याची पट्टी निघाली. आज सकाळी झेंड्या दिसल्या. म्हैस काय, ट्रॅक्टरसुद्धा जाईल. पण हे?" तिने काठीने ट्रक दाखवला. "हे गेलं तर तळाशी जाऊनच थांबेल."

तेवढ्यात सरपंच आला. त्याच्यामागे पाच-सहा जण. "भूआ, उठ. सगळ्या गावाची शोभा करतेस. काही सांगायचं होतं तर मीटिंगमध्ये का नाही सांगितलंस?"

"मीटिंगमध्ये तुम्ही मला एकच सांगितलंत. चहात साखर किती घालायची ते."

मी खाली बघितलं, कारण त्या चहाचे दोन पेले मी प्यायलो होतो आणि वर वाहवा केली होती.

"विहीर बुजवलेली आहे," सरपंच म्हणाला. "माझ्या बापाने सांगितलंय."

"तुझ्या बापाला माझ्या बापाने सांगितलं. का सांगितलं? पोरं खोदायला जाऊ नयेत म्हणून. ख्वाजाची विहीर बुजवायची छाती होती का कुणाची? ट्यूबवेल आली, रहाट बंद पडला. बाभळीचे वासे टाकले, त्यावर तुराट्या, त्यावर माती. टोपल्या मीच वाहिल्या. पन्नास वर्षं झाली. वाशांचं काय राहिलं असेल, तूच सांग."

ज्ञानदाने नकाशा उघडला. "पण बीबीजी, विहीर तर तिकडे आहे. विटा मिळाल्या. गोल."

"त्या हौदाच्या."

"आजोबा बोलले, हौद विहिरीलाच असतो."

नसीब कौर माझ्याकडे वळली. "वीरजी, तुम्ही बोललात?"

मी मान डोलावली.

"हौद विहिरीला चिकटून? बैलांच्या पायाशी? म्हणजे पाणी सांडणार, चिखल होणार, बैल घसरून पडणार. कुठल्या शहाण्याचं गाव ते?"

अहो, तिने हे म्हटलं आणि माझ्या डोळ्यांपुढे लख्ख झालं. आमच्याकडे मोट. बैल विहिरीपासून सरळ लांब जातात, धावेवरून उतरतात, परत येतात. मोट वर येते, तोंडाशीच रिकामी होते, म्हणून थारोळं विहिरीच्या काठालाच. इकडे गाडग्यांच्या माळेचा रहाट. बैल तिथेच, विहिरीपाशी, दिवसभर गोल गोल फिरणार. त्यांच्या पायाखाली ओल नको म्हणून पाणी लाकडी पन्हळीतून लांब नेऊन सोडायचं. बायकांचं धुणं-पाणी तिथे, त्या हौदावर. म्हणून दलियाही तिथेच. सगळं मला दिसत होतं, आणि मी खटावची विहीर इथे आणून ठेवली होती. गावाने हौदाची जागा सांगितली, मी तिचं विहिरीचं तोंड केलं, आणि नातीने त्यावर विश्वास ठेवून ट्रकचा रस्ता नेमका खऱ्या विहिरीवर नेला.

"ज्ञानदा," मी म्हणालो, "थांबव. चूक माझी आहे."

"आजोबा, यार!" तिच्या डोळ्यांत पाणी आलं. "तुम्ही पक्का बोलले होते."

"बोललो होतो. मला रहाट माहीत नाही. हिला आहे."

नरेश घड्याळ बघत म्हणाला, "मॅडम, बाबा एक बोलणार, आजी एक बोलणार. पंचेचाळीस मिनिटं राहिली. आख्खी गाडी फुकट जाईल. वरती मी काय सांगू?"

ज्ञानदा ड्रायव्हरला म्हणाली, "गाडी पुढे घ्या. झेंड्यांच्या बाहेर. इंजिन चालू ठेवा, पण चाक हलवायचं नाही." आणि नरेशला, "पहार आणा. लांबातली लांब. पंधरा मिनिटं."

ट्रक रस्त्यावर गेला तेव्हाच नसीब कौर उठली. गुडघ्यांवर हात ठेवून, दोनदा प्रयत्न करून. ती सरळ काळ्या विटांपाशी गेली. "पन्हळ अकरा पावलांची होती," ती म्हणाली. "मला पाठ आहे. चढाकडे." तिने शेताचा उतार बघितला, पाठ फिरवली आणि चढाच्या दिशेने काठी टेकत मोजत निघाली. अकरा झाल्यावर थांबली. "इथे."

दोन मजुरांनी पहार मारली. टण्. खडा लागला. पुन्हा मारली. कमरेइतकी आत गेली, कोरी करकरीत, घट्ट माती. हातभर डावीकडे मारली. तेच. उजवीकडे, तेच.

"झालं?" नरेश म्हणाला.

सरपंच जवळ आला. आवाज मऊ होता, आणि तोच जास्त लागला. "भूआ, वय झालं. होतं असं. चल, घरी सोडतो."

ड्रायव्हरने पिंपाचा वेग वाढवला. आत कालवण जड व्हायला लागलंय, हे तो सगळ्यांना ऐकवत होता. मजुरांनी पहार खांद्यावर टाकली. नसीब कौर जमिनीकडे बघत उभी होती. तिच्या तोंडावरचा तो खणखणीतपणा उतरत चालला होता. तो उतरताना बघणं मला सोसेना. तिने हळूच विचारलं, "वीरजी, माझीच आठवण खोटी निघाली का?"

मला काय माहीत? मी नुकताच तोंडावर आपटलेला. पण गप्प बसायची सवय नाही, म्हणून विचारलं, "बीबीजी, ही अकरा पावलं मोजली कधी?"

"मी रहाटाच्या गाधीवर, बैल हाकायच्या लाकडी बैठकीवर बसायचे, बैलांच्या मागे. कंटाळा यायचा. बापाची नजर चुकवून पन्हळीच्या काठावरून चालत हौदापर्यंत जायचे. पडलं तर मार. हात पसरून, तोल सांभाळत. अकरा पावलं. रोज."

"वय किती होतं?"

"सात."

आम्ही दोघांनी एकमेकांकडे बघितलं.

ज्ञानदाला कळायच्या आत नसीब कौर परत विटांपाशी पोचली होती. काठी टाकून दिली. चपला काढल्या. दोन्ही हात पसरले, आणि ती चौऱ्याहत्तर वर्षांची बाई नसलेल्या पन्हळीच्या काठावर चढली. एका पावलाची टाच दुसऱ्याच्या अंगठ्यापुढे जेमतेम चार बोटं. इक. दो. तिन्न. मागे कुणीतरी हसलं. सरपंचाने त्याला गप्प केलं. तिचे डोळे मिटलेले होते. पंज. छे. मी हात धरायला गेलो तर म्हणाली, "सोडा, पडेन." अट्ठ. नौ. तिचे हात एकदा डाव्या बाजूला कलंडले, सावरले. दस.

ग्यारां.

ती थांबली. मघाच्या जागेपेक्षा किती तरी अलीकडे. झेंड्यांच्या बरोबर मधोमध.

आणि तेव्हा माझ्या ध्यानात आलं. पन्हळ सुरू कुठे होते? विहिरीवर. रहाटाच्या गाडग्यांखाली. ती काठाशी नव्हती. तोंडावर उभी होती.

"बीबीजी!" मी ओरडलो आणि पुढे झालो.

"कुणी जवळ येऊ नका," तिने डोळे न उघडता सांगितलं. आवाज एकदम शांत. "वीरजी, तुम्ही पण नाही. पायाखाली पोकळ वाजतंय. मला कळलंय."

ज्ञानदाने मागे हात करून सगळ्यांना थोपवलं. तिचा दुसरा हात माझ्या मनगटावर, नखं रुतेपर्यंत. ड्रायव्हरने इंजिन बंद केलं. पिंप थांबलं. आणि त्या शांततेत नसीब कौर उलटी मागे आली. पायाचा चवडा आधी टेकवायचा, दाबून बघायचा, मग टाच. एक पाऊल. माती तिच्या टाचेशी किंचित खचली, एवढीशी, बोटभर. ती थांबली. वाट बघितली. दुसरं पाऊल. तिसरं. चौथ्याला ज्ञानदाने तिला कमरेला धरलं आणि ओढून घेतलं, आणि दोघी जमिनीवर बसल्या.

मग नरेशनेच कमरेला दोर बांधला. दोराचं टोक चौघांच्या हातात. पालथा पडून तो सरकत गेला आणि पहार हात लांबवून मारली. हातभर खाली ती लाकडाला लागली. मेलेलं, भुसभुशीत लाकूड, आवाजावरूनच कळलं. त्याने पुन्हा मारली. पहार त्याच्या मुठीतून सुटली आणि गेली.

एक. दोन. आणि मग खालून, फार खालून, एक बद्द आवाज आला.

चौघांनी दोर ओढला. नरेश कोपरांवर खरचटत मागे आला. त्याचं डोकं जिथे होतं तिथली माती एकदा हलल्यासारखी झाली, आणि सुस्कारा टाकावा तशी आत गेली. आधी पाटीएवढं भोक, मग त्याच्या कडा, मग सगळंच. धूळ खाली बसली तेव्हा विटांचा गोल काठ दिसला. लहान विटा, जुन्या, नीट बसवलेल्या. तीन माणसं हात धरून उभी राहतील एवढा घेर. एक लाल झेंडी काठावर लोंबकळत होती.

ड्रायव्हर खाली उतरून आला. ट्रकची मागची चाकं कुठे आली असती, ते त्याने नजरेने मोजलं. पुन्हा मोजलं. मग नसीब कौरच्या पायांना हात लावायला वाकला, तर ती म्हणाली, "माझ्या नाही. आधी चपला काढ, विहिरीवर आलायस." त्याने चपला काढल्या. ते बघून सरपंचाने काढल्या. मी पण काढल्या.

ज्ञानदाने ऑफिसला फोन लावला. हिंदीत, खणखणीत बोलली. पाया ओतणार नाही. गाडी परत पाठवतेय. नकाशा चुकीचा आहे, सही माझी आहे. पलीकडून बराच वेळ कुणीतरी बोलत होतं. ती ऐकत होती, पण बघत होती विहिरीकडे. शेवटी म्हणाली, "नहीं सर, गाँव से पूछा था. आधे गाँव से." आणि फोन ठेवला.

नरेश चारी बाजूंना दोर बांधत होता. नसीब कौर काठापासून लांब, पोटावर पालथी पडली आणि सरकत सरकत डोकावली. ज्ञानदाने तिचे घोटे धरून ठेवले होते. बराच वेळ ती आतच बघत होती. मला वाटलं, बाप आठवला असेल, बैल आठवले असतील. डोळे पुसायला मी रुमालही काढला, स्वतःच्याच.

ती मागे सरकली, उठून बसली, कुर्त्यावरची माती झटकली. "पाणी नाही," ती म्हणाली. "माझ्या लहानपणी गाधीवरून दिसायचं. पोरी, तुझ्या दवाखान्याला पाणी कुठून घेणार आहेस?"

ज्ञानदाकडे उत्तर होतं. बोअरची जागा नकाशावर निळ्या रंगात होती, मीच बघितली होती. तिने नकाशाची सुरळी हातात घेतली, आणि उघडली नाही.

"तुम्ही सांगा, बीबीजी," ती म्हणाली आणि तिथेच मातीत बसली.

"आधी म्हशी सावलीला बांधून येते. ऊन चढलं." नसीब कौरने चपला पायात घातल्या, काठी शोधली आणि गेली. नरेशने विचारलं, मॅडम, मजुरांना सोडू का? ज्ञानदाने त्याला हाताने थांब म्हटलं. बाई यायला अर्धा तास लागला. तेवढा वेळ माझी नात तिथून हलली नाही, आणि मी, तुमचा विश्वास बसायचा नाही, एक शब्द बोललो नाही.